वाय-फाय ही खैरात नाही

न्यूयॉर्कच्या हार्लेममधले क्लेटन बँक्स यांची गोष्ट आपल्याकडच्या करिअर गाइडन्सच्या कार्यक्रमात सांगण्यासारखी आहे. शोटाइमसारख्या केबल टीव्ही कंपनीत मोठ्या हुद्द्यावर राहिलेला हा कृष्णवर्णीय माणूस २०१३ मध्ये ब्रूस लिंकन यांच्यासोबत ‘सिलिकॉन हार्लेम’ सुरू करतो. हार्लेम आणि तशाच शहरी वस्त्या तंत्रज्ञानाचं केंद्र व्हाव्यात, हा त्याचा उद्देश. आपले वक्ते ही गोष्ट कशी सांगतील तेही मला पाठ आहे. ‘बघा, एका माणसाने काय केलं! आपल्या कौममधूनही असा एक तरी निघाला पाहिजे.’ टाळ्या, शाल, ग्रुप फोटो, चहा-बिस्किटं.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. अशा स्टेजवर बसलोय, शालही घेतलीय. म्हणून स्वतःला धरूनच बोलतो. ही गोष्ट आपण चुकीची सांगतो.

हार्लेममध्ये हुशार पोरांचा तुटवडा कधीच नव्हता. १९३० च्या दशकात तिथल्या सरकारी यंत्रणेने नकाशावर ही वस्ती लाल रंगवली. अर्थ सरळ होता: इथे कर्ज देणं धोक्याचं. घरकर्जापासून सुरू झालेला हा भेदभाव पुढे इंटरनेटच्या तारेपर्यंत आला. अमेरिकेत त्याला आता ‘डिजिटल रेडलायनिंग’ म्हणतात. बँक्स यांनी फक्त कोडिंगचे वर्ग आणि सर्टिफिकेट वाटून भागवलं नाही. वस्तीत ब्रॉडबँड कसं येणार, किती वेगाचं आणि किती पैशांत, हा प्रश्न त्यांनी लावून धरला. कोलंबिया, रटगर्स आणि न्यूयॉर्क विद्यापीठांनी २०१८ मध्ये पश्चिम हार्लेममध्ये ‘कॉसमॉस’ हा वायरलेस तंत्रज्ञानाचा मोठा प्रयोग हाती घेतला, तेव्हा सिलिकॉन हार्लेम त्यात भागीदार होतं. निर्णय होतात त्या टेबलावर वस्तीची खुर्ची असणं, ही खरी कमाई.

पण एवढं करूनही काय झालं? जानेवारी २०२० मध्ये न्यूयॉर्क शहराने आपला इंटरनेट आराखडा जाहीर केला. त्यात शहराने स्वतःच कबूल केलं की २९ टक्के घरांत ब्रॉडबँड नाही, आणि १५ लाखांहून जास्त लोकांकडे घरचं कनेक्शनही नाही, मोबाइल इंटरनेटही नाही. हे जगातल्या सगळ्यात श्रीमंत शहरांपैकी एकात! पुढे महापौर बदलले आणि २०२२ मध्ये तो आराखडा गुंडाळला गेला. केंद्र सरकार गरीब घरांना इंटरनेट बिलात महिना ३० डॉलरपर्यंत सूट देत होतं. सुमारे २ कोटी ३० लाख घरं त्यात होती. निधी संपला आणि २०२४ मध्ये ती सूटही बंद पडली.

म्हणजे एक माणूस कितीही मोठा असो, तो शहराची जागा घेऊ शकत नाही. आणि जे मेहेरबानी म्हणून मिळतं, ते मेहेरबानी संपली की जातं.

याचा दाखला आपल्या मुंबईतही आहे. जानेवारी २०१६ मध्ये मुंबई सेंट्रल स्टेशनवर गुगलने रेलटेलसोबत मोफत वाय-फाय सुरू केलं. पुढे ४०० हून जास्त स्टेशनांवर ते पोचलं. २०२० मध्ये गुगलने हात काढून घेतला. तरी वाय-फाय बंद पडलं नाही, कारण खालची फायबर रेल्वेच्या सरकारी कंपनीची होती. पाहुणा गेला, घर आपलं होतं.

आता आपल्या मोहल्ल्याकडे या. लॉकडाऊनमध्ये मी घरी ब्रॉडबँड घ्यायला गेलो. कंपनीच्या माणसाने पत्ता ऐकला आणि म्हणाला, ‘सर, तुमचा एरिया फीझिबल नाही.’ मुख्य रस्त्याच्या पलीकडच्या सोसायटीत त्याच कंपनीची लाइन होती. मी मोबाइलचा डेटा विकत घेऊन नोकरी टिकवली, कारण पगार होता. माझ्या मजल्यावर एका घरात तीन पोरं आणि एक फोन होता, तोही अब्बा कामावर घेऊन जायचे. त्या पोरांना मी स्टेजवरून काय सांगू? ‘मेहनत करो’?

आपले जलसे ‘इक़रा’पासून सुरू होतात. वाचा, हे बरोबरच. पण कशावर वाचायचं, याचं उत्तर त्याच स्टेजवर कुणी देत नाही. उलट काही बुजुर्ग म्हणतात, फोनमुळे पोरं बिघडतात, मुली तर जास्तच. त्यांना अदबीने फहीमा शिरीनची आठवण करून देतो. कोळिकोड जिल्ह्यातल्या या विद्यार्थिनीने मुलींच्या वसतिगृहात संध्याकाळी ६ ते १० फोन जमा करायचा नियम मानला नाही, म्हणून तिला वसतिगृहाबाहेर काढलं. ती हायकोर्टात गेली. सप्टेंबर २०१९ मध्ये केरळ हायकोर्टाने तिच्या बाजूने निकाल दिला: इंटरनेट वापरणं हा शिक्षणाच्या आणि खाजगीपणाच्या हक्काचा भाग आहे, कलम २१ खाली. आपल्याच एका मुलीने हा हक्क कोर्टातून मिळवला आणि आपण अजून तिला फोन द्यावा की नाही यावर चर्चा करतोय.

हक्क असेल तर मागण्याची भाषाही हक्काची हवी. प्रत्येक मोहल्ल्यातल्या मुला-मुलींनी इमारतीनिहाय यादी करावी: किती घरांत कनेक्शन आहे, कुठली कंपनी कुठल्या गल्लीत यायला नकार देते, किती पोरं एका फोनवर शिकतात. ही यादी घेऊन वॉर्ड ऑफिसात जावं, नगरसेवकाला धरावं आणि पालिकेच्या प्रत्येक अभ्यासिकेत मोफत वाय-फाय लेखी मागावं. नकाराचं पत्र मिळालं तरी चालेल, ते पुढच्या मोर्चात कामाला येतं. तोवर थांबायचंही कारण नाही. डिसेंबर २०२० मध्ये मंजूर झालेल्या ‘पीएम-वाणी’ योजनेत साधा किराणा दुकानदारसुद्धा लायसन्सशिवाय सार्वजनिक वाय-फाय चालवू शकतो. लिल्लाह फंडातून शाली आणि ट्रॉफ्या घेण्यापेक्षा मदरशाच्या किंवा शाळेच्या हॉलमध्ये एक लाइन, चार टेबलं आणि रात्री ११ पर्यंत उघडं दार द्या. मुलींसाठी वेळ राखून ठेवा, पण दार बंद करू नका.

आणि आपण इंजिनिअर लोकांनी एक करावं. पुढच्या वेळी स्टेजवर बोलावलं की आयोजकांना आधी विचारावं, तुमच्या मोहल्ल्याची यादी तयार आहे का? नसेल तर भाषण राहू द्या, त्या संध्याकाळी पोरांसोबत जिने चढू. कौममधून एक क्लेटन बँक्स निघेल तेव्हा निघेल. वायर मात्र सगळ्यांच्या घरात लागते.