मांजरीचा खेळ आणि सणाचा सातबारा

माझी भाची पाचवीत आहे. परवा ती मोबाइलवर बोटाने नुसत्या रेघोट्या मारत बसली होती. खेळ होता गूगलचा ‘मॅजिक कॅट अकॅडमी’, २०१६ च्या हॅलोविनला शोधाच्या पहिल्या पानावर आलेला. मोमो नावाची काळी मांजर जादूच्या शाळेत शिकते आणि भुतं तिच्या शाळेतलं मंत्रांचं पुस्तक पळवतात. भुताच्या डोक्यावर आडवी रेघ, उभी रेघ, अशी एखादी खूण असते. तीच आपण काढली की भूत गायब. डाउनलोड नाही, पासवर्ड नाही, पैसे नाहीत. दार उघडंच असतं, नाव-गाव कोणी विचारत नाही. मला या खेळांचं आकर्षण वाटतं ते यासाठीच.

अम्मीला मात्र ते रुचलं नाही. “अरे, हा आपला सण आहे का? भुताखेतांचे कसले खेळ!” त्यावर भाचीने मलाच धरलं, “मामू, मग ईदचा गेम का नाही?”

याला उत्तर आहे. ईस्टरचं डूडल का नाही, म्हणून २०१८ मध्ये गूगलवर टीका झाली, तेव्हा कंपनीने सांगितलं की धार्मिक सणांवर आम्ही डूडल करत नाही. धार्मिक सणांतून निघालेले, पण आता धर्माबाहेर गेलेले उत्सव चालतात. उदाहरणार्थ व्हॅलेंटाइन्स डे किंवा आपली होळी, तेही धार्मिक चिन्हांशिवाय. म्हणजे ईद नाही, तसा ईस्टरही नाही. नियम मला पटतो. खटकतं ते पुढचं. हॅलोविन म्हणजे तरी काय? १ नोव्हेंबरच्या सर्व संतांच्या दिवसाची आदली रात्र. कुठला सण ‘सर्वांचा’ आणि कुठला ‘धार्मिक’, हे बहुधा संख्येने मोठे असलेलेच ठरवतात. आपल्याकडच्या शाळांतही एकाचा सण संस्कृती असते आणि दुसऱ्याचा धर्म.

म्हणून खेळायचं नाही? छे. एप्रिल २०२० च्या अखेरीस, लॉकडाउनमध्ये, रमजान नुकताच सुरू झालेला असताना गूगलने जुने खेळ पुन्हा पहिल्या पानावर आणले. त्यात मोमो होती, आणि रातकिडे फलंदाजी करतात नि गोगलगायी क्षेत्ररक्षण, ते क्रिकेटही. इफ्तारपर्यंतचे लांबलचक तास आमच्या घरातल्या मुलांनी त्यावरच काढले. कोणाचं इमान त्यामुळे डळमळल्याचं मला दिसलं नाही.

भाचीला म्हटलं, ईदचा गेम तूच कर. तिने वहीत जिना काढला. शीरखुर्म्याचा डबा न सांडता तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंकडे पोचवायचा, वाटेत कुत्रा. दुसऱ्या लेव्हलला दिवाळी. काकूंकडून तोच डबा चकल्या भरून परत येतो. डबा रिकामा परत केला, तर एक लाइफ कमी.

अम्मी चष्मा लावून वहीत डोकावली. “एकूण लाइफ किती गं?”