परदेशातील मराठी : सोहळा की शाळा?

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा देण्याचा निर्णय घेतला. तेव्हापासून मराठी भाषा व संस्कृती सातासमुद्रापार नेण्याच्या घोषणा अधिकच जोराने ऐकू येऊ लागल्या आहेत. त्यापूर्वी, जानेवारी २०२३ मध्येच, राज्य शासनाने विश्व मराठी संमेलने भरविण्यास आरंभ केला होता. परदेशस्थ पाहुण्यांसाठी पुढे प्रवास-अनुदानही जाहीर झाले. मराठीचा प्रसार व्हावा, याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. प्रश्न आहे तो सार्वजनिक पैसा कशावर आणि कोणासाठी खर्च व्हावा हा. तो केवळ साहित्यिकांवर सोपवून आपल्याला मोकळे होता येणार नाही.

या बाबतीत मॉरिशसचा इतिहास उद्बोधक आहे. १८३४ पासून तेथील उसाच्या मळ्यांवर भारतातून करारबद्ध मजूर नेले जाऊ लागले. मुंबई बंदरातून गेलेल्यांत रत्नागिरी व आसपासच्या भागांतील मराठी कष्टकरी होते. त्यांच्या पाठीशी ना शासन होते, ना अनुदान. दिवसभर राबून संध्याकाळी ते 'बैठके'त जमत. तेथे भजन होई, मुलांना अक्षरओळख होई, एकमेकांच्या अडीअडचणींचा विचार होई. सांस्कृतिक केंद्र म्हणतात ते याहून वेगळे काय असते? १९६८ साली मॉरिशस स्वतंत्र झाला. १९७० साली मोका येथे महात्मा गांधी संस्था स्थापन झाली. आज तेथील सरकारी शाळांत मराठी ऐच्छिक विषय म्हणून शिकविली जाते. १९९१ साली दुसरी जागतिक मराठी परिषदही मॉरिशसमध्ये भरली. परंतु मंडप उतरल्यावर मुलांना वर्गात भेटत राहिला तो शिक्षकच. असे असूनही मॉरिशसच्या बहुतेक मराठी घरांत आज क्रिओलच बोलली जाते. गणेशचतुर्थीची सार्वजनिक सुटी टिकली, पण भाषेची रोजच्या बोलण्यातील जागा गेली. शाळा नसती तर उरले आहे तेवढेही उरले नसते, हे आपण ध्यानात घेतले पाहिजे.

दुसरे उदाहरण इस्रायलचे. कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील बेने इस्रायली १९४८ नंतर तिकडे गेले. दिमोना, लोद, अश्दोद यांसारख्या गावांत त्यांनी नव्याने संसार उभे केले आणि 'मायबोली' नावाचे मराठी नियतकालिकही चालविले. हाही उद्योग स्वतःच्या हिमतीवर झालेला होता.

अर्थशास्त्राचा अभ्यासक म्हणून मला येथे एक साधा भेद सांगावासा वाटतो. तीन दिवसांचे संमेलन हा उपभोगावरचा खर्च आहे. शिक्षक, क्रमिक पुस्तक, फिरते ग्रंथालय ही गुंतवणूक आहे. उपभोगाचा खर्च साधारणपणे ज्यांना आधीच परवडते त्यांच्या पदरात पडतो. अमेरिकेतील मराठी पालक सुटीच्या दिवशी स्वतः शाळा चालवितात. त्यांचे कौतुकच केले पाहिजे. परंतु त्यांना आपल्या तिजोरीच्या आधाराची फारशी गरज नाही. आखाती देशांत गवंडी, वाहनचालक वा सुतार म्हणून गेलेल्या आपल्या माणसाला मात्र वेगळेच काही हवे असते. त्याच्या कराराचा कागद अरबी वा इंग्रजीत असतो. मजुरी थकली तर दाद कोठे मागावी, हे त्याला मराठीत सांगणारे कोणी नसते. त्याच्या दृष्टीने खरे मराठी केंद्र म्हणजे तो कागद वाचून दाखविणारी जागा होय. जुन्या बैठकीचे हेच तर काम होते.

लाखो श्रमिक परदेशी पाठविणाऱ्या फिलिपिन्सने या प्रश्नाकडे अधिक गांभीर्याने पाहिले आहे. तेथील २००९ च्या राष्ट्रीय सांस्कृतिक वारसा कायद्याने 'सेंत्रो रिझाल' ही योजना उभी केली. परदेशस्थ फिलिपिनो कुटुंबांतील मुलांना आपली भाषा, कला व इतिहास यांची ओळख व्हावी, हा तिचा एक प्रमुख हेतू आहे. त्या देशाच्या सर्वच धोरणांचे समर्थन करण्याचे कारण नाही. माणसांची निर्यात हा काही विकासाचा मार्ग नव्हे. परंतु या कामाला कायद्याचा आधार हवा, ही दृष्टी घेण्यासारखी आहे.

आणखी एक पथ्य पाळावयास हवे. साने गुरुजींनी आंतरभारतीची कल्पना मांडली ती भाषाभाषांतील देवाणघेवाणीसाठी. आपली केंद्रे केवळ आपला डंका पिटण्यासाठी असतील तर ती अहंकाराची दुकाने होतील. जेथे केंद्र असेल तेथील लोकांना मराठी शिकविणे आणि त्यांचे साहित्य मराठीत आणणे, ही दोन्ही कामे बरोबरीने चालली पाहिजेत.

शेवटी घरचा प्रश्न. ज्या २०२३ साली पहिले विश्व मराठी संमेलन थाटात पार पडले, त्याच वर्षी वीसपेक्षा कमी पटाच्या सरकारी शाळांऐवजी समूह शाळांचा विचार शासनाने पुढे आणला. वाडीवस्तीवरची मराठी शाळा खर्चिक ठरते आणि संमेलनाचा मंडप मात्र परवडतो, हा कोणता हिशेब? याच कोल्हापुरात शाहू महाराजांनी १९१७ साली सक्तीच्या व मोफत प्राथमिक शिक्षणाचा निर्णय घेतला, तेव्हा संस्थानाची तिजोरी काही ओसंडून वाहत नव्हती. तिजोरीच्या आकाराहून राज्यकर्त्याची निवड महत्त्वाची असते.

म्हणून आपल्या कार्यकर्त्यांनी शासनाकडे स्पष्ट मागण्या कराव्यात. परदेशातील मराठीसाठीच्या निधीतील मोठा वाटा शिक्षक, पुस्तके व अनुवाद यांसाठी राखून ठेवावा. श्रमिक स्थलांतरितांना कायदेशीर माहिती मराठीत मिळण्याची सोय व्हावी. आणि वस्तीवरची एकही मराठी शाळा केवळ पट कमी म्हणून बंद होऊ नये. घरी उपाशी ठेवलेली भाषा परदेशात धष्टपुष्ट दिसेल, या भ्रमात निदान आपण तरी राहू नये.