पिंपातली नाणी आणि हिरोशिमाचे मैदान

अशोक विजयादशमी झाली की आपल्या घराघरांत प्रवासाच्या गोष्टी निघतात. कोणी नागपूरहून परतलेला असतो, कोणी बुद्धगयेला जायची तयारी करीत असतो. अलीकडे या यादीत जपानचेही नाव ऐकू येते. कोणाचा मुलगा तिकडे संगणकाच्या कामावर असतो, कोणाची पुतणी जपानी भाषा शिकून नोकरीला लागलेली असते, आणि आईवडिलांना एकदा तरी बोलावून घ्यायचे असा या लेकरांचा हट्ट असतो. सप्टेंबर २०१५ मध्ये जपानच्या कोयासान विद्यापीठात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पुतळा उभा राहिला. महाराष्ट्राचे तेव्हाचे मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस यांच्या हस्ते त्याचे अनावरण झाले. त्यामुळे जपानला जाणाऱ्या आपल्या माणसाला आता एक पत्ता आधीच ठाऊक असतो.

आपल्या शहराला जपानी माणूस नवा नाही. अजिंठ्याची लेणी पाहायला ते वर्षानुवर्षे येत आहेत. १९९० च्या दशकात अजिंठा-वेरूळसाठी जपानने कर्ज दिले आणि त्यातून रस्त्यांची व विमानतळाची कामे झाली. ते आपल्याकडे लेणी पाहायला येतात आणि आपण त्यांच्याकडे मंदिरे, फुजी पर्वत व वेगवान गाडी पाहून परततो. आमची एक सूचना आहे. शरद ऋतूत जाणार असाल तर एक संध्याकाळ राखून ठेवा आणि बेसबॉलच्या मैदानावर जा. कारखान्यातून, दुकानातून सुटलेला कामकरी माणूस बायकामुलांसह कसा हसतो, ओरडतो, हळहळतो, हे मंदिरात दिसत नाही. ते तिथे दिसते.

बेसबॉल समजायला अवघड नाही. क्रिकेट कळणाऱ्याला दहा मिनिटे पुरतात. दोन्ही बाजूंना नऊ-नऊ खेळाडू असतात. एकजण चेंडू फेकतो, समोरचा गोल दांडक्याने तो मारतो. मैदानात चौकोनाच्या चार कोपऱ्यांवर चार ठाणी असतात. मारणारा तीन ठाण्यांना क्रमाने पाय लावून पुन्हा पहिल्या जागी आला की एक धाव मिळते. तीन गडी बाद झाले की बाजू बदलते, आणि असे नऊ डाव होतात. चेंडू सरळ प्रेक्षकांत गेला की होमरन, म्हणजे आपला षटकारच म्हणा. साधारण तीन तासांत खेळ आटोपतो. हा खेळ जपानमध्ये १८७२ च्या सुमारास होरेस विल्सन नावाच्या अमेरिकन शिक्षकाने नेला. व्यावसायिक लीग १९३६ मध्ये सुरू झाली. १९५० पासून सेंट्रल आणि पॅसिफिक अशा दोन लीग आहेत, आणि आज त्यांत सहा-सहा मिळून बारा संघ खेळतात.

शरदातच का जावे? नेहमीचे सामने मार्चअखेरीस सुरू होतात आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला संपतात. मग प्रत्येक लीगमधले पहिले तीन संघ क्लायमॅक्स सिरीज खेळतात. ही पद्धत दोन्ही लीगमध्ये २००७ पासून आहे. आपण धम्मचक्र प्रवर्तन दिन साजरा करतो त्याच सुमारास तिकडे या सामन्यांची धामधूम असते. दोन्ही लीगचे विजेते ऑक्टोबरच्या अखेरीस निप्पॉन सिरीजमध्ये भेटतात, आणि सातांपैकी चार सामने जिंकणारा संघ देशाचा अजिंक्य ठरतो. या दिवसांत तिकिटे लवकर संपतात. शेवटच्या सामन्यांचा मोह नसेल तर सप्टेंबरचा शेवट किंवा ऑक्टोबरचा पहिला आठवडा गाठावा. गर्दी भरपूर असते, तरी जागा मिळण्याची आशा असते.

कोयासानला जाणाऱ्यांची तर चांगलीच सोय आहे. कोयासानची गाडी ओसाकाच्या नांबा भागातून सुटते. नांबाहूनच दुसऱ्या मार्गाने कोशिएन मैदानाकडे जाता येते. हे मैदान १९२४ मधले आहे, म्हणजे त्याने शंभरी ओलांडली आहे. हानशिन टायगर्स या संघाचे ते घर. या संघाने १९८५ मध्ये निप्पॉन सिरीज जिंकली आणि त्यानंतर थेट २०२३ मध्ये. मधली ३८ वर्षे लोक येतच राहिले. बापाने मुलाला आणले आणि त्या मुलाने पुढे आपल्या मुलाला. जिंकण्याची खात्री असती म्हणून आले असते तर मैदान केव्हाच ओस पडले असते.

आता थोडे व्यवहाराचे. तिकिटे तिथल्या कोपऱ्या-कोपऱ्यावरच्या चोवीस तास उघड्या दुकानांतल्या यंत्रातूनही निघतात. यंत्र जपानी बोलते, म्हणून मुलाला किंवा दुकानातल्या माणसाला सोबत घ्यावे. मारणाऱ्याच्या जवळच्या जागा महाग असतात, मैदानाच्या पार टोकाच्या स्वस्त. आम्ही सांगू, स्वस्त जागा घ्या. खरी मजा तिथेच आहे. मात्र घेण्याआधी बाजू विचारून घ्यावी, कारण बहुतेक ठिकाणी उजवी बाजू यजमान संघाच्या माणसांची आणि डावी पाहुण्यांची असते. चुकीच्या रंगाचा सदरा घालून भलत्या बाजूला बसू नये. अनेक मैदानांवर घरचा डबा नेता येतो, पण काचेच्या बाटल्या आणि डबाबंद पेये आत जाऊ देत नाहीत. ऑक्टोबरच्या रात्री गार असतात. स्वेटर आणि म्हाताऱ्या माणसांसाठी शाल जवळ ठेवावी. चेंडू कधी कधी वेगाने प्रेक्षकांत येतो, तेव्हा लहान मूल मांडीवर असेल तर नजर खेळावरच हवी.

त्या टोकाच्या जागी आम्ही बसलो तेव्हा आधी वाटले की एखादी मिरवणूकच चालू आहे. ढोल, कर्णे, झेंडे आणि हजारो माणसांचा एक सूर. प्रत्येक खेळाडूचे वेगळे गाणे असते आणि तो मारायला आला की सारे ते म्हणतात. आजीला ते येते आणि पहिलीतल्या नातवालाही येते. आपला संघ मारत असेल तोपर्यंतच गायचे आणि पाहुण्यांची पाळी आली की बसून घ्यायचे, अशी रीत आहे. मग समोरच्या टोकाचे लोक गातात. दोन्ही बाजूंना आपापली वेळ मिळते आणि कोणी कोणाचा आवाज दाबत नाही. टोकियोतल्या याकुल्ट स्वॅलोज संघाचे लोक धाव निघाली की छोट्या छत्र्या उघडून नाचवतात. पाऊस नसताना हजारो छत्र्या उघडलेल्या पाहून लहान मुले हरखून जातात. पाठीवर बिअरची टाकी बांधून तरुण मुली पायऱ्या चढत-उतरत असतात. ते काम कष्टाचे आहे. खेळ संपल्यावर लोक आपापला कचरा उचलतात, आणि मैदान रिकामे होते तेव्हा खुर्च्यांखाली फारसे काही उरलेले नसते.

परंतु ज्यासाठी हा लेख लिहायला घेतला ती गोष्ट हिरोशिमाची आहे. ६ ऑगस्ट १९४५ रोजी या शहरावर अणुबॉम्ब पडला हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. त्यानंतर पाच वर्षेही पुरती झाली नव्हती, माणसे अजून जखमांनी मरत होती, आणि तशात त्या शहराने आपला बेसबॉल संघ काढला. नाव हिरोशिमा कार्प. १९५० मध्ये तो सेंट्रल लीगमध्ये खेळू लागला. इतर संघांमागे रेल्वे कंपन्या होत्या, वर्तमानपत्रे होती. कार्पमागे कोणी धनवान उभा नव्हता. १९५१ मध्ये खेळाडूंचे पगार द्यायला पैसे उरले नाहीत. संघ मोडायचा किंवा दुसऱ्यात मिसळून टाकायचा अशी बोलणी सुरू झाली.

तेव्हा संघाचे व्यवस्थापक शुइची इशिमोतो लोकांकडे गेले. मैदानाच्या दाराशी साकेची मोठी लाकडी पिंपे ठेवण्यात आली. येणाऱ्या-जाणाऱ्याने जमेल ते नाणे त्यात टाकायचे. ज्यांची घरे जळाली होती, ज्यांच्या घरची माणसे गेली होती, त्या लोकांनी ती पिंपे भरली. संघ वाचला. पण जिंकला मात्र नाही. वर्षामागून वर्षे कार्प तळाशीच राहिला. अखेर ऑक्टोबर १९७५ मध्ये, म्हणजे २६ व्या हंगामात, त्याने प्रथमच आपल्या लीगचे विजेतेपद मिळवले. त्याच वर्षी त्याने लाल टोपी घेतली, आणि आजही हिरोशिमाचे मैदान लालेलाल दिसते. पुढे १९७९, १९८० आणि १९८४ मध्ये निप्पॉन सिरीजही त्याने जिंकली. कागदावर पाहिले तर आज संघाचे समभाग मझदा मोटार कंपनीकडे आणि तिच्या संस्थापक घराण्याकडे आहेत. पण हिरोशिमात कोणालाही विचारा, संघ कोणाचा, तर उत्तर येते, आमचा. ज्याच्या आजोबाने पिंपात नाणे टाकले त्याला तसे म्हणण्याचा अधिकार आहे.

२००९ पासून हे सामने हिरोशिमा स्थानकाजवळच्या नव्या मैदानावर होतात. स्थानकातून पायी जाता येते. वाट विचारावी लागत नाही, लाल टोप्यांच्या मागे चालत राहावे.

या खेळाने आणखी एक गोष्ट दाखवली. कार्पचा साचिओ किनुगासा हा खेळाडू १९४७ मध्ये जन्मला. आई जपानी आणि बाप अमेरिकन सैन्यातला कृष्णवर्णीय. अशा लेकरांना तेव्हाच्या जपानमध्ये काय ऐकावे लागत असेल, ते आपल्या वाचकांना समजावून सांगायला नको. हा माणूस १९७० ते १९८७ पर्यंत एकही सामना न चुकता सलग २,२१५ सामने खेळला. १९७९ मध्ये चेंडू लागून त्याच्या खांद्याचे हाड मोडले, तरी दुसऱ्या दिवशी तो दांडके घेऊन उभा राहिला. १९८७ मध्ये जपान सरकारने त्याला राष्ट्रीय सन्मान दिला. २०१८ मध्ये तो वारला.

इसाओ हारिमोतो कोरियन आईबापांच्या पोटी १९४० मध्ये हिरोशिमात जन्मला. उजवा हात लहानपणीच भाजलेला, बॉम्बमध्ये थोरली बहीण गेली. जपानच्या व्यावसायिक बेसबॉलमध्ये सर्वाधिक ३,०८५ हिट त्याच्याच नावावर आहेत. सादाहारू ओहचे वडील चिनी. १९५७ मध्ये हा शाळकरी मुलगा जपानी नागरिक नाही म्हणून त्याला राष्ट्रीय क्रीडा महोत्सवात खेळू दिले नाही. पुढे त्याने ८६८ होमरन मारले, आणि १९७७ मध्ये तो सन्मान सर्वांत आधी मिळाला तो त्यालाच.

हे वाचताना आपल्याला बाळू पालवणकर आठवल्याशिवाय राहत नाहीत. पुण्याच्या क्लबात त्यांना वेगळ्या भांड्यात चहा मिळायचा. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभरांहून अधिक बळी घेतले, तरी हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना कधी मिळाले नाही. ते १९२३ मध्ये त्यांच्या धाकट्या भावाला, विठ्ठलला मिळाले. मैदानाने भेदभाव मिटवला असे आम्ही म्हणणार नाही. पण मैदानावर आकडे लिहिले जातात, आणि लिहिलेला आकडा कोणाला पुसता येत नाही. हजारो माणसे साक्षीला बसलेली असतात.

आता आपल्याकडे पाहू. बेसबॉल आणि त्याची बहीण सॉफ्टबॉल हे खेळ आपल्या शालेय स्पर्धांत आहेत. आपल्या वस्तीतल्या मुली ते खेळतात. कबड्डी, खो-खो तर आपलेच. सकाळी उठून गारखेड्याच्या क्रीडा संकुलात किंवा नागसेनवनातल्या मैदानावर जाणारी मुले प्रत्येक गल्लीत सापडतील. पण त्यांच्या सामन्याला बघायला कोण असते? शिक्षक, पंच आणि समोरचा संघ. बाप पाळीवर असतो, आई कामावर. सुटीच्या दिवशीही आपण विचारतो, खेळून पोट भरते का?

प्रश्न खोटा नाही. जपानमध्येसुद्धा बाराच संघ आहेत, आणि खेळणाऱ्या लाखो मुलांपैकी फारच थोड्यांचे पोट त्यावर भरते. तरीही तिथला कामकरी माणूस पोरांच्या खेळाला जातो, कारण त्याच्या लेखी खेळ बघायला जाणे हीसुद्धा एक वर्गणी आहे. वर्गणी आपल्याला शिकवायला नको. जयंती आपण वर्गणीवर केली, विहारे वर्गणीवर बांधली, दहा-दहा रुपयांच्या पावत्या फाडून मुलांना वह्या दिल्या. हिरोशिमाच्या पिंपातली नाणी आपल्या ओळखीची आहेत. फक्त मैदानाच्या दाराशी आपण अजून पिंप ठेवलेले नाही.

जपानला जाणे सर्वांना जमणार नाही. ज्यांना जमेल त्यांनी कोयासानला बाबासाहेबांना वंदन करावे आणि एक संध्याकाळ त्या लोकांत बसावे. बाकीच्यांना आमची एकच विनंती आहे. येत्या रविवारी मुलीचा सामना कुठे आहे ते आज तिलाच विचारा. डबा बांधा, आजीला सोबत घ्या आणि तासभर आधी जाऊन पायरीवर बसा. नियम समजले नाहीत तरी चालेल, ती सांगेल. चेंडू दूर गेला की टाळी वाजवा. हुकला तर अधिक जोरात वाजवा.