न्यायासन कोणाला जबाबदार?

मानोरा तालुक्यातील कोरडवाहू शेतकऱ्याचा जमिनीचा तंटा असो की कामावरून काढलेल्या मजुराचे गाऱ्हाणे असो, खालच्या न्यायालयांच्या पायऱ्या चढत तो अखेर मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे येतो. १९६० च्या मुंबई पुनर्रचना कायद्याच्या ४१ व्या कलमाने हे खंडपीठ विदर्भासाठी कायम झाले. मानोऱ्याचा मतदार सरपंचापासून खासदारापर्यंत सर्वांना निवडतो. परंतु ज्यांच्या सहीने त्याचे शेत राहते किंवा जाते, त्या न्यायमूर्तींच्या निवडीत त्याच्या शब्दाला कोठेच स्थान नाही. मग न्यायमूर्तीही जनतेनेच का निवडू नयेत, हा आमच्या कार्यकर्त्यांच्या मनात येणारा प्रश्न भाबडा म्हणून उडवून लावता येणार नाही.

हा प्रयोग जगात झालेला आहे. अमेरिकेतील न्यूयॉर्क राज्यात वरिष्ठ न्यायाधीश मतपेटीतून निवडले जात. कामावर जखमी झालेल्या कामगारांना मालकाने भरपाई द्यावी, असा कायदा त्या राज्याने १९१० साली केला. २४ मार्च १९११ रोजी राज्याच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरविला. न्यायमूर्ती वर्नर यांनी लिहिलेल्या या निकालाचा मथितार्थ एवढाच की, दोष नसता भरपाई द्यायला लावणे म्हणजे मालकाची मालमत्ता हिरावणे होय. दुसऱ्याच दिवशी न्यूयॉर्क शहरातील ट्रँगल कपडा कारखान्याला आग लागून १४६ कामगार मृत्युमुखी पडले. त्यांत बहुसंख्य तरुण मुली होत्या. १९१३ च्या नोव्हेंबरात वर्नर मुख्य न्यायाधीशपदासाठी उभे राहिले आणि पराभूत झाले. त्याच निवडणुकीत मतदारांनी राज्यघटना दुरुस्त करून भरपाईच्या कायद्याचा मार्ग मोकळा केला.

या हकिकतीने कोणाचेही मन हरखून जाईल. पण तिचा दुसरा भागही पाहिला पाहिजे. वर्नर रिपब्लिकन पक्षाचे उमेदवार होते, त्यांना हरविणारे बार्टलेट डेमोक्रॅटिक पक्षाचे. न्यायासनाची वाट पक्षांच्या कचेरीतूनच जात होती. कामगारांना खरा न्याय मिळाला तो माणूस बदलल्याने नव्हे, तर जनतेने कायद्याचा पायाच बदलल्याने. आपल्याकडे निवडणुकीत पैसा आणि जात काय करतात, हे मानोऱ्यात कोणाला सांगावयास नको. उद्या न्यायमूर्ती मते मागू लागले, तर ज्याने त्यांच्या प्रचाराचा खर्च उचलला त्याच्याविरुद्ध निकाल कोण देणार?

मग निवड सरकारच्या हाती द्यावी काय? तोही अनुभव आपण घेतला आहे. २५ एप्रिल १९७३ रोजी शेलट, हेगडे व ग्रोव्हर या तीन ज्येष्ठ न्यायमूर्तींना डावलून अजितनाथ राय यांना सरन्यायाधीश करण्यात आले. बँक राष्ट्रीयीकरणासारखे कायदे न्यायालयाने अडविले होते, म्हणून बांधिलकी मानणारे न्यायमूर्ती हवेत, या युक्तिवादाला काही डाव्यांनीही माना डोलावल्या. त्या बांधिलकीची किंमत तीन वर्षांनी तुरुंगात मोजावी लागली. स्थानबद्धांना न्यायालयात दाद मागता येते, असे नागपूर खंडपीठासह अनेक उच्च न्यायालयांनी म्हटले असता, २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मताने तो हक्क नाकारला. विरोधी मत देणाऱ्या न्यायमूर्ती खन्ना यांना जानेवारी १९७७ मध्ये डावलण्यात आले. समाजवाद्यांनी हा धडा विसरता कामा नये.

१९९३ च्या निकालाने निवडीची सूत्रे न्यायमूर्तींच्याच हाती गेली. संसदेने २०१४ मध्ये घटनादुरुस्ती करून नेमणुकांसाठी आयोग आणला. सर्वोच्च न्यायालयाने १६ ऑक्टोबर २०१५ रोजी तो रद्द केला. त्या आयोगात कायदामंत्र्याला जागा होती आणि कोणाही दोन सदस्यांना नाव अडविता येत होते, म्हणून आम्ही त्याचे गोडवे गाणार नाही. पण त्यामुळे बंद खोलीतील निवड पवित्र ठरत नाही. न्यायमूर्तीच न्यायमूर्ती निवडतात, सरकार नको असलेल्या नावांच्या फायली दाबून बसते आणि पक्षकार तारखा मोजत राहतो.

आमची भूमिका स्पष्ट आहे. न्यायमूर्ती मतपेटीतून नकोत, मंत्र्याच्या खिशातूनही नकोत. सरकारचे वर्चस्व नसलेला आणि केवळ न्यायमूर्तींचाही नसलेला स्वतंत्र आयोग हवा. निवडीचे निकष व कारणे जाहीर व्हावीत, फायलीवर निर्णय देण्याची मुदत सरकारवर बंधनकारक असावी. स्त्रिया, दलित, आदिवासी आणि पोहरादेवीच्या परिसरातील बंजारा तांड्यांसारखे समाज उच्च न्यायासनावर किती पोहोचले, याचा हिशेब दरवर्षी जनतेपुढे ठेवला जावा.

न्यायाधीशाने निकाल देताना कोणालाही भिऊ नये, जनतेलाही नव्हे. मात्र तो त्या आसनावर कसा आला, हे विचारण्याचा जनतेला पूर्ण अधिकार आहे. हा फरक गावोगावच्या बैठकांत समजावून सांगणे, हे कार्यकर्त्यांचे काम आहे. न्यूयॉर्कच्या कामगारांनी एका न्यायाधीशाला घरी बसविले, पण त्यांची मुलेबाळे जगली ती त्यांनी मिळविलेल्या कायद्यामुळे.