शब्दांचें सोंवळें

शब्दाचा कोशांतला ‘शुद्ध’ अर्थ तेवढा विद्यार्थ्यानें शिकावा. चव्हाट्यावरचा अर्थ, ज्यास इंग्रज लोक ‘स्लँग’ म्हणतात तो, त्याच्या कानावरही पडूं देऊं नये, असें एक मत आमच्या अध्यापकवर्गांत रूढ आहे. हें मत विद्वानांच्या बैठकींत शोभतें. परंतु त्याचा दंड भरावा लागतो तो खेड्यांतल्या मुलास. म्हणून त्याचा समाचार घेणें आम्हांस प्राप्त झालें आहे.

शेंदूरजनाघाटचा एक विद्यार्थी आमच्या वर्गांत होता. वरुड तालुक्यांतलें हें गांव संत्र्याच्या कलमांसाठीं प्रसिद्ध; मुलाच्या घरचा धंदाही तोच. परीक्षेच्या उताऱ्यांत कोणा अमेरिकन नगराध्यक्षावर ‘ग्राफ्ट’चा आरोप झाल्याचें वाक्य होतें. मुलानें भाषांतर केलें : ‘नगराध्यक्षांवर कलमें बांधल्याचा आरोप आला.’ उत्तरपत्रिका हातोहात फिरली आणि हंशा पिकला. हंसणारांत प्रस्तुत लेखकही होता. पुढें त्या मुलाचा शालेय कोश पाहिला, तेव्हां त्यांत ‘कलम’ हा एकच अर्थ आढळला. लांचलुचपत हा अर्थ गाळलेला होता. मग हंसावयाचें कोणास? मुलास, कीं कोशकारास?

बरें, ज्यास शुद्ध म्हणावयाचें तो अर्थ तरी मूळचा आहे काय? ‘ग्राफ्ट’ हा शब्द लेखणीवाचक ग्रीक शब्दापासून फ्रेंचमार्गें इंग्रजींत आला. तासलेली डहाळी लेखणीसारखी दिसते, म्हणून तिला तें नांव मिळालें. आपला ‘कलम’ शब्दही अरबी-फारशींतून आलेला. तोही आधीं बोरू आणि मग झाड. तेव्हां अर्थ बदलणें हाच अपराध ठरवावयाचा, तर डहाळीस लेखणी म्हणणारा माळी हाच पहिला अपराधी होय! लांचेचा अर्थ त्याच मुळापासून फुटला कीं अन्य मुळापासून, याविषयीं पंडितांत एकमत नाहीं. पण वृत्तपत्रांत तो नित्य चालतो, हें निर्विवाद आहे.

‘सकर’ शब्द घ्या. कोशांत तो बुंध्याखालून फुटून झाडाचा रस शोषणारा फुटवा. अमेरिकन बोलींत सहज फसणारा भोळा इसम, म्हणजे अद्याप अंगावर पिणारें पोरच. चोखणें ही क्रिया दोहींकडे एकच.

परंतु आमच्या पक्षाचा खरा साक्षीदार ‘लेमन’ हा शब्द आहे. कोशांत लिंबू, अमेरिकन बोलींत वरून बरी दिसून आंतून टाकाऊ निघालेली वस्तु, विशेषतः मोटार. १९७० सालीं जॉर्ज अकरलॉफ या अर्थशास्त्रज्ञानें हाच शब्द आपल्या निबंधाच्या मथळ्यांत घातला. मालाचा दोष विकणारास ठाऊक असतो, घेणारास नसतो. म्हणून घेणारा सर्वच मालास सरासरी भाव देतो आणि चांगला माल बाजारांतून उठतो, असें त्याचें प्रतिपादन. २००१ सालच्या अर्थशास्त्राच्या नोबेल पारितोषिकाचा तो एक मानकरी ठरला.

आतां शेंदूरजनाघाटच्या वाफ्यांकडे वळूं. जंबेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा बांधून तेथें कलम तयार करतात. तो डोळा कोणत्या मातृवृक्षाचा, हें घेणारास पाहून कळत नाहीं. झाड फळावर यावयास पांचेक वर्षें जातात, आणि मग खरें काय तें समजतें. जंबेरी ही लिंबाचीच जात. डोळा मरून खुंटच वाढला, तर घेणाराच्या हातीं अक्षरशः लिंबू येतें! अकरलॉफच्या सिद्धांतास याहून चोख उदाहरण कोणतें? तें त्या मुलाच्या अंगणांत होतें. आणि आम्हीं त्यास ‘लेमन म्हणजे लिंबू’ एवढें शिकवून कृतकृत्य झालों.

कोणी म्हणेल, अशानें मुलें निबंधांतही चव्हाट्यावरची भाषा लिहूं लागतील. पण कोणता शब्द कोठें शोभतो, हा विवेक शब्द लपवून येत नाहीं. तो दाखवूनच येतो. १७५५ सालीं जॉन्सननें हलक्या शब्दांस ‘हलका’ अशी खूण केली, पण त्यांस कोशांत जागा दिली. मोल्सवर्थच्या १८५७ च्या मराठी-इंग्रजी कोशांतही हाच शिरस्ता दिसतो. शब्दावर खूण करणें हें कोशकाराचें काम आहे. शब्दास वाळींत टाकणें हें नव्हे.

आमची मागणी एवढीच कीं, शालेय कोशांत असे अर्थ खूण करून छापावे, आणि ते गाळणाऱ्या कोशाचा दोष परीक्षकांनीं मुलाच्या माथीं मारूं नये. त्या वाक्याचे गुण शेंदूरजनाघाटच्या मुलास मिळाले नाहींत. ते देणें आमच्या हातीं होतें. आम्हीं दिले नाहींत.