तोडकामाला स्वतःचा आकडा आहे

माझे मामू वीसेक वर्षांपासून कुर्ल्यात तोडकामाचे ठेके घेतात. जुनी चाळ, बंद पडलेला कारखाना, दुकानाचा पोटमाळा, जे पाडायचं असेल ते. एका बिल्डरकडे त्यांचं बिल अडकलं. उशिरा मिळणाऱ्या पैशांसाठी लहान उद्योगांना कायद्याचा आधार आहे, असं कुणीतरी सांगितलं म्हणून ते उद्यम नोंदणीचा कागद घेऊन चौकशीला गेले. उत्तर मिळालं, "तुमची नोंद व्यापारी म्हणून आहे. व्यापाऱ्यांना हे लागू नाही."

मामूंनी मला विचारलं, "बेटा, मी विकतो काय?"

कागद पाहिल्यावर उलगडा झाला. फॉर्म भरणाऱ्या पोराने धंदा विचारला. मामू म्हणाले, तोडायचं काम, माल भंगारात जातो. पोराने ‘भंगार’ तेवढं ऐकलं आणि यादीतून भंगाराच्या घाऊक व्यापाराचा कोड निवडला.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. अशा याद्या आम्हीच बनवतो, त्यामुळे ड्रॉपडाउनमधला एक चुकीचा क्लिक पुढे किती दूर जातो ते मला ठाऊक आहे. पुढची प्रत्येक यंत्रणा माणसाकडे पाहत नाही, तो आकडा पाहते.

आपल्याकडे ही यादी म्हणजे राष्ट्रीय औद्योगिक वर्गीकरण, २००८. त्यात इमारती पाडण्याच्या कामाला स्वतंत्र कोड आहे, ४३११०. तो बांधकामाच्या विभागात येतो, व्यापाराच्या नाही. व्यापाराचे कोड ४५, ४६ आणि ४७ ने सुरू होतात. जुलै २०२१ मध्ये व्यापाऱ्यांना उद्यमवर नोंदणीची मुभा मिळाली, पण त्यांचा लाभ अग्रक्रम क्षेत्रातल्या कर्जापुरताच ठेवला गेला. जीएसटीतही तोडकाम ही सेवा आहे. तिचा कोड ९९५४३१.

आता प्रामाणिकपणे दुसरी बाजू. मामू भंगार विकतातच. कित्येक कामांत मालक त्यांना पैसे देत नाही, उलट मामूच मालकाला पैसे मोजतात, कारण लोखंड, सागवानी चौकटी आणि जुन्या विटा त्यांच्या होतात. मग हा धंदा पाडण्याचा की विकण्याचा? दोन्हीचा. फॉर्ममध्ये एकापेक्षा जास्त कोड टाकता येतात. पण घण, ब्रेकर आणि गॅस कटर घेऊन पंधरा माणसं ज्या कामावर उभी असतात, ते काम कागदावर दिसायलाच हवं.

त्या पंधरा जणांचाही यात हिस्सा आहे. बांधकाम कामगारांच्या १९९६ च्या कायद्याने इमारत पाडणं हेही बांधकामाचंच काम मानलं. कल्याणकारी मंडळात नाव घालायला वर्षभरात ९० दिवस काम केल्याचा दाखला लागतो आणि तो ठेकेदार देऊ शकतो. ठेकेदाराच्या स्वतःच्या कागदावर ‘भंगार व्यापारी’ असेल, तर त्याच्या दाखल्यावर शंका घेतली जाणारच.

कोड बदलला की सगळं सुटतं असं मी म्हणत नाही. मामूंच्या जुन्या बिलाला त्याचा उपयोग होईलच असं नाही. ठेक्याच्या कामाला ती तरतूद लागू होते का, यावरही कोर्टात वाद झाले आहेत. पण वाद घालायलाही आधी दारात उभं राहू दिलं पाहिजे.

आणि हे आकडे काही आभाळातून पडलेले नाहीत. अमेरिकेच्या १९९७ च्या वर्गीकरणात तोडकाम ठेकेदारांना स्वतंत्र कोड होता. २००२ मध्ये तो जागा तयार करणाऱ्या ठेकेदारांच्या कोडमध्ये विलीन केला गेला. माणसंच ठरवतात कोण वेगळा दिसणार आणि कोण ‘इतर’ मध्ये जाणार. आपल्याकडे वेगळा कोड असूनही आपण तो वापरत नाही, ही आपली चूक.

तोडकाम म्हटलं की आज आपल्या डोळ्यांसमोर आधी बुलडोझर येतो. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाला सांगावं लागलं की १५ दिवसांची नोटीस दिल्याशिवाय घर पाडता येणार नाही. ती लढाई चालूच राहील. पण हेच काम आपल्या वस्त्यांतल्या कितीतरी घरांची चूल पेटवतं. तेही इज्जतीने नोंदवलं गेलं पाहिजे.

म्हणून शिकलेल्या भावाबहिणींना एकच विनंती. या रविवारी घरातल्या मामू, चाचा, अब्बूंचा उद्यमचा कागद मागून घ्या आणि त्यावरचा कोड वाचा. दुरुस्ती सरकारी पोर्टलवर फुकट होते, एजंटला पैसे देऊ नका. फॉर्म भरण्याआधी त्यांना विचारा, "तुम्ही दिवसभर नक्की काय करता?" आणि उत्तर शेवटपर्यंत ऐका. त्या पोराने एवढंच केलं नव्हतं.