विश्लेषण : आइन्स्टाइन यांचे गणित कशेळीच्या गोदामापर्यंत कसे पोहोचले?

भिवंडीजवळच्या कशेळीतील गोदामातून माल घेऊन निघालेला टेम्पोचालक मोबाइलवरचा नकाशा पाहत पत्ता गाठतो. त्या नकाशामागे जर्मनीत जन्मलेल्या अल्बर्ट आइन्स्टाइन यांचे गणित आहे.

कोण होते आइन्स्टाइन?
जन्म १८७९, उल्म. पदवीनंतर विद्यापीठात जागा मिळाली नाही, म्हणून १९०२ पासून बर्नच्या पेटंट कार्यालयात नोकरी. तिथेच १९०५ मध्ये विशेष सापेक्षता मांडली. व्यापक सापेक्षता १९१५ मध्ये, बर्लिनमध्ये. हिटलर १९३३ मध्ये सत्तेवर आला. त्यानंतर ते जर्मनीत परतले नाहीत.

नकाशाशी संबंध काय?
जीपीएस उपग्रहांतील घड्याळे जमिनीवरील घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. सापेक्षतेनुसार ही दुरुस्ती केली नाही, तर अंतराच्या मोजणीत दिवसाला ११ किलोमीटरपर्यंत चूक साचू शकते.

मग मुद्दा काय?
जीपीएसचा पहिला उपग्रह सोडला गेला १९७८ मध्ये, म्हणजे ६३ वर्षांनी. कोल्हापूरचे विष्णू वासुदेव नारळीकर १९३२ पासून बनारस हिंदू विद्यापीठात सापेक्षतेवर काम करत होते, तेव्हाही तिचा रोजच्या व्यवहारात उपयोग दिसत नव्हता. ‘उपयोग काय?’ असे विचारत मूलभूत विज्ञानाच्या निधीला कात्री लावणारे सरकार असो वा मुलांना भौतिकशास्त्रापासून वळवणारे पालक. हा हिशेब पाच वर्षांचा नसतो, पिढ्यांचा असतो.